अभयारण्यातील पर्यटक-निवास : एका परंतुकाचा शब्दार्थ

अभयारण्यात पर्यटकाला प्रवेश देणे आणि त्याच्या मुक्कामासाठी तेथे इमारत उभारणे, या कायद्याच्या दृष्टीने दोन भिन्न गोष्टी होत. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ याच्या कलम २८ मध्ये ज्या कारणांसाठी प्रवेशाचा परवाना देता येतो, त्यांत पर्यटनाचा स्पष्ट उल्लेख आहे. इमारतीचा प्रश्न मात्र कलम ३३ च्या कक्षेत येतो, आणि त्याचा निर्णय प्रायः एका परंतुकातील शब्दयोजनेवर अवलंबून आहे.

कलम ३३ च्या पहिल्या खंडाने अभयारण्याच्या प्रयोजनार्थ आवश्यक वाटतील ते रस्ते, पूल, इमारती, कुंपणे व फाटके बांधण्याचा अधिकार राज्याच्या मुख्य वन्यजीव रक्षकास दिला आहे. या व्यापक अधिकारास २००२ च्या सुधारणा अधिनियमाने एक परंतुक जोडले. ते १ एप्रिल २००३ पासून अमलात आले. व्यापारी पर्यटक-लॉज, हॉटेले, प्राणिसंग्रहालये व सफारी उद्याने यांचे बांधकाम राष्ट्रीय वन्यजीव मंडळाच्या पूर्वमान्यतेवाचून अभयारण्यात करू नये, असा त्याचा आशय होता. कलम ३५ अन्वये हाच निर्बंध राष्ट्रीय उद्यानांसही लागू होतो. अशा रीतीने अन्य बांधकामांचा निर्णय राज्यातील अधिकाऱ्याकडे राहिला. या चार प्रकारांपुरता मात्र तो पंतप्रधान ज्याचे अध्यक्ष असतात अशा केंद्रीय मंडळाकडे गेला.

येथे ‘व्यापारी’ हे विशेषण विचारात घेण्याजोगे आहे. ते लॉजच्या मागे लागलेले असल्यामुळे व्यापारीपणा हा इमारतीचा अंगभूत गुण आहे, असा समज होतो. आणि इमारतीचे स्वरूप ठरवताना स्वाभाविकच तिच्या मालकाकडे लक्ष जाते. खाजगी मालकाचे ते व्यापारी आणि शासनाचे ते अव्यापारी, असे अनुमान मग सहज काढता येते. मराठी भाषकाच्या बाबतीत या अनुमानास नित्याचा शब्दव्यवहारही पुष्टी देतो. ‘लॉज’ म्हटले की पैसे मोजून राहण्याची जागा डोळ्यांसमोर येते, तर ‘विश्रामगृह’ म्हटले की दौऱ्यावरील अधिकाऱ्याच्या मुक्कामाची सरकारी वास्तू. वस्तुतः याच विश्रामगृहातील खोल्या शुल्क आकारून पर्यटकांस दिल्या जाऊ लागल्या, तर नाव तेच राहूनही व्यवहार पालटतो.

२०२२ च्या सुधारणा अधिनियमाने हा समज दूर केला. १ एप्रिल २०२३ पासून लागू झालेल्या पाठात ‘व्यापारी पर्यटक-लॉज’ या शब्दांऐवजी ‘शासकीय लॉजसह, व्यापारी प्रयोजनार्थ पर्यटक-लॉज’ अशा अर्थाची रचना आली. विशेषण इमारतीवरून निघून प्रयोजनाकडे गेले, आणि शासकीय मालकीची सबबही उरली नाही. इमारत कोणाची, यापेक्षा ती कशासाठी, हा प्रश्न आता प्रथम विचारावा लागतो. मात्र ‘व्यापारी प्रयोजन’ कोठे सुरू होते, याची व्याख्या परंतुकात दिलेली नाही. केवळ देखभालीपुरते शुल्क घेणारे विश्रामगृह त्यात मोडते की नाही, याविषयी मतभेदास जागा राहतेच.

दुसरी मर्यादा ‘बांधकाम’ या शब्दात आहे. परंतुक नव्या बांधकामास अडवते. जी वास्तू आधीच उभी आहे तिच्या वापराविषयी ते मौन पाळते. केरळमधील पेरियार येथील ‘लेक पॅलेस’ हे याचे बोलके उदाहरण होय. मूळचे त्रावणकोरच्या राजघराण्याचे हे ग्रीष्मकालीन निवासस्थान आज राज्याच्या पर्यटन विकास महामंडळाचे हॉटेल आहे. वास्तू परंतुकाच्या कितीतरी आधीची असल्यामुळे, व्यापारी वापर उघड असूनही केवळ त्या आधारे परंतुक तिला लागू पडत नाही.

ही उणीव व्याघ्र प्रकल्पांपुरती अंशतः भरून निघाली आहे. सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०१२ मध्ये गाभा क्षेत्रातील पर्यटन तात्पुरते थांबवल्यानंतर, त्याच वर्षी १५ ऑक्टोबरला राष्ट्रीय व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाची मार्गदर्शक तत्त्वे अधिसूचित झाली. गाभा क्षेत्राचा २० टक्क्यांहून अधिक भाग पर्यटनासाठी वापरू नये आणि तेथे नव्या पर्यटन-सुविधा उभारू नयेत, असे त्यांत म्हटले आहे. येथे भर एकट्या बांधकामावर नसून वापरावरही आहे. परंतु जी अभयारण्ये व्याघ्र प्रकल्पात समाविष्ट नाहीत, त्यांना हे संरक्षण लाभत नाही.

या परंतुकाचे महत्त्व अलीकडे वाढले आहे, याचे कारण दुसऱ्या एका कायद्यात सापडते. वनजमिनीवर वनेतर काम करण्यास १९८० च्या वन (संवर्धन) अधिनियमाखाली केंद्राची पूर्वमान्यता लागते. २०२३ च्या सुधारणेने, वन्यजीव व्यवस्थापन आराखड्यात किंवा व्याघ्र संवर्धन आराखड्यात समाविष्ट असलेल्या निसर्ग-पर्यटनाच्या सुविधा ‘वनेतर प्रयोजना’तून वगळल्या. दोन चाळण्यांपैकी एकीची जाळी अशा प्रकारे सैल झाल्यावर साहजिकच दुसरीवर अधिक भार पडतो. एखाद्या प्रस्तावात इमारतीस ‘निवास’, ‘कुटी’ वा ‘निसर्ग-शिबिर’ असे कोणतेही नाव दिलेले असो. ती नव्याने बांधली जाणार काय आणि तिचे प्रयोजन व्यापारी आहे काय, हे दोन प्रश्न विचारले गेले तरच परंतुकाचा हेतू सफल होईल. नावावरून निर्णय झाल्यास मंडळापुढे यावयाचे प्रकरण त्याच्यापर्यंत पोहोचणारच नाही, आणि त्याची किंमत त्या अरण्यातील मुक्या रहिवाशांस मोजावी लागेल.