दीपोत्सव आणि दारीचा श्वान

नरकचतुर्दशीच्या पहाटे अभ्यंगस्नानाची लगबग चालू असते, अंगणात पहिला फटाका वाजतो आणि मुले हर्षाने टाळ्या पिटतात. त्याच क्षणी घरचा कुत्रा पलंगाखाली शिरून थरथर कापू लागतो. आमचा मोती एका दिवाळीत देवघरातील चौरंगामागे जाऊन बसला. सोवळे मोडले म्हणून रागावून त्यास बाहेर बांधले गेले. त्या रात्री साखळी तोडून तो पळाला, तो तिसऱ्या दिवशी सापडला. अपराध त्याचा नव्हता, हे आम्हांस उशिरा उमगले.

माणसास सेकंदाला सुमारे 20,000 कंपनांपर्यंतचा ध्वनी ऐकू येतो. कुत्र्यास 40,000 च्याही पलीकडचा. शिवाय हा आनंदाचा गजर आहे, हे त्यास कोणी सांगावे? श्रीदत्तात्रेयांच्या चरणांशी ज्यास स्थान, ज्याच्यावाचून धर्मराजाने स्वर्गही नाकारला, त्या जीवाची आपल्या सणात ही दशा व्हावी! नेपाळात याच दिवसांत ‘कुकुर तिहार’ला कुत्र्यास टिळा लावून झेंडूची माळ घालतात.

यंदापुरते इतके करावे. दिवस मावळण्यापूर्वीच त्यास फिरवून आणावे व जेवू घालावे. आतल्या खोलीत खिडक्या लावून त्याची सवयीची गोधडी अंथरावी, मंद स्वरात भजने लावावीत. भ्यालेल्या कुत्र्यास जवळ घेतले तर तो अधिक भित्रा होतो, हा समज चुकीचा आहे. तो कुशीत आला तर खुशाल येऊ द्यावा. धीट व्हावा म्हणून अंगणात ओढून मात्र नेऊ नये. (लाडवातील बेदाणेही त्यास देऊ नयेत, ते त्यास विषासमान ठरू शकतात.)

खरी शिकवण त्रिपुरी पौर्णिमेनंतर, गावात शांतता झाल्यावर आरंभावी. फटाक्यांचा मुद्रित आवाज इतका हळू लावावा की त्याने केवळ कान टवकारावेत, आणि लगेच आवडीचा घास द्यावा. काही मिनिटे पुरेत. आवाज आठवड्याआठवड्याने, किंचित किंचितच वाढवावा. त्याने घास नाकारला किंवा तो धापा टाकू लागला, तर आपली घाई झाली असे समजून एक पायरी मागे यावे. भीती फारच असेल, तर पशुवैद्यास सणाच्या बऱ्याच आधी भेटावे. गुंगीचे औषध आपल्या मनाने देऊ नये. काही औषधांनी अंग तेवढे शिथिल होते, आतील भय तसेच राहते.

आणि ज्यास घर नाही, त्या गल्लीतल्या कुत्र्यासाठी जिन्याखाली एखादे जुने पोते टाकून ठेवावे, फाटकही या चार रात्री थोडे उघडे असू द्यावे.