महायुद्धानंतर आपल्या भागातली घरं कशी होती?

'कुटुंब' म्हटलं की पुस्तकातलं एक चित्र आठवतं ना? बाबा ऑफिसला निघालेत, आई स्वयंपाकघरात, शेजारी दोन मुलं. पण १९५० च्या सुमारास आपल्या भागात सगळी घरं अशी नव्हती, बरं का!

त्या चित्राच्या जवळचं घर डोंबिवलीच्या चाळीत सापडायचं. एक-दोन खोल्या, सामाईक संडास, पाण्यासाठी नंबर. वडील मुंबईत कारकून. त्यांना सकाळची लोकल गाठायची, म्हणून आईची चूल पहाटेच पेटायची. पाहुणे आले की मुलांची अंथरुणं गॅलरीत. जागा कमी, पण एक तारखेला पगार ठरलेला. त्याच भरवशावर वाणी महिनाभर उधार द्यायचा.

आता जरा पुढे कल्याण कॅम्पात चला. दुसऱ्या महायुद्धात इथे लष्कराची छावणी होती. १९४७ ला फाळणी झाली आणि सिंधमधून आलेल्या निर्वासित कुटुंबांना याच बराकींमध्ये ठेवलं गेलं. ८ ऑगस्ट १९४९ ला वस्तीचं नाव उल्हासनगर झालं. एकाच लांब बराकीत अनेक कुटुंबं, मधे गोणपाटाचा नाहीतर जुन्या कपड्याचा पडदा! काल ज्यांचा वाडा होता तेही रेशनच्या रांगेत, आणि काल ज्यांच्याकडे काहीच नव्हतं तेही. बायका पापड लाटून विकायच्या, पोरं फेरीवर जायची.

त्याच वर्षांत अमेरिकेत काय चाललं होतं? युद्धावरून परतलेल्या सैनिकांसाठी न्यूयॉर्कजवळ लेव्हिटटाउन नावाची स्वस्त घरांची वसाहत १९४७ पासून उभी राहत होती. तिथेही कृष्णवर्णीय कुटुंबांना घर विकत नसत. म्हणजे पुस्तकी चित्रातलं घर तिकडेही सगळ्यांना मिळालं नाही.

आपल्या आगरी गावांत तर बाबांचं ऑफिसच नव्हतं. पावसाळ्यात भातलावणीला अख्खं घर चिखलात, मग मुलांची शाळा बुडायची. १९६० नंतर ठाण्यात वागळे इस्टेट आणि डोंबिवलीत एमआयडीसी आली. शेतं गेली, मुलगा कंपनीच्या पाळीला जाऊ लागला.

शाळेच्या अर्जात आईच्या व्यवसायापुढे आपण सहज 'गृहिणी' लिहितो. पापड विकून घर चालवणारी आई, दिवसभर वाकून लावणी करणारी आई, यांच्यापुढे काय लिहायचं? माझ्या मते तो रकाना तेव्हाही चुकीचाच भरला जायचा.

घरी आजीला विचारून वहीत लिहून आणा: तिच्या लहानपणी घरात पाणी कुठून यायचं आणि ते कोण भरायचं? घरात पैसे कोण कोण आणायचं?