खिशातले एक लाख कोटी

एक टीबीची पोर्टेबल हार्ड डिस्क तळहातावर मावते, वजनाला पावशेरही भरत नाही. तिच्यात एक लाख कोटी बाइट साठवता येतात. एका बाइटचे आठ बिट, म्हणजे आठ लाख कोटी शून्यं आणि एकं. सेकंदाला एक या गतीने, न झोपता, ती मोजायला कुणी बसलं तर अडीच लाख वर्षं लागतील. आपली मानवजात पृथ्वीवर येऊन जेमतेम तीन लाख वर्षं झाली आहेत.

१९५६ साली आयबीएमने ‘३५०’ नावाचं पहिलं हार्ड डिस्क युनिट बाजारात आणलं. दोन फूट व्यासाच्या पन्नास तबकड्या, उंची माणसाएवढी, वजन एक टनाहून जास्त आणि साठवण पावणेचार एमबीची. ज्या संगणकाला ते जोडलेलं असे त्याचं भाडं महिन्याला ३,२०० डॉलर. एक टीबी ठेवायला अशी २ लाख ६६ हजार कपाटं लागली असती. एकेक कपाट पाच फूट रुंद. शेजारीशेजारी लावत गेलो तर मुंबईत सुरू झालेली रांग कोल्हापूरला पोचते. एक टीबीची पहिली डिस्क हिताचीने २००७ मध्ये आणली. त्याच वर्षी भौतिकशास्त्राचं नोबेल आल्बेर फेर आणि पीटर ग्र्युनबर्ग यांना मिळालं. इतक्या बारीक चुंबकी खुणा वाचता येऊ लागल्या त्या त्यांच्याच शोधामुळे.

आता जरा मराठी माप लावून बघू. युनिकोडच्या यूटीएफ-८ पद्धतीत देवनागरीच्या प्रत्येक चिन्हाला तीन बाइट लागतात. काना, मात्रा, वेलांटी हीसुद्धा वेगळी चिन्हंच. एका ओवीला साधारण दोनशे बाइट धरले, तर नऊ हजार ओव्यांची अख्खी ज्ञानेश्वरी दोन एमबीच्या आसपास बसते. आयबीएमच्या त्या कपाटातही ती मावली असती. आज फोनने काढलेला जेवणाच्या ताटाचा एक फोटो तीन-चार एमबीचा असतो. आणि फोरके व्हिडिओ? फोन आणि सेटिंगप्रमाणे मिनिटाला १७० ते ४०० एमबी. म्हणजे बारशाचा दहा मिनिटांचा व्हिडिओ हजारभर ज्ञानेश्वऱ्यांना भारी पडतो.

हा फरक लक्षात न घेता डिस्क भरली की आपण नेमकं उलटं करतो. डाउनलोड्स फोल्डर उघडून आधी सातबाराच्या पीडीएफ, लाइट बिलं, हॉल तिकिटाच्या चार-चार प्रती पुसत बसतो. अशा दोनशे फायली पुसल्या तरी पन्नास-शंभर एमबीच्या पुढे सहसा जात नाही. जागा खाल्लेली असते ती कधीतरी उतरवून ठेवलेल्या दोन सिनेमांनी आणि एका विसरलेल्या स्क्रीन रेकॉर्डिंगने. फोल्डर नावानुसार न लावता आकारानुसार लावला की हे दोन मिनिटांत दिसतं.

खोक्यावर एक टीबी लिहिलेलं असतं आणि संगणक ९३१ जीबी दाखवतो, तेव्हा दुकानदाराने फसवलं असं बऱ्याच जणांना वाटतं. तसं नाही. कंपनी हजाराच्या पटीत मोजते, विंडोज १,०२४ च्या पटीत. बाइट दोघांचे तेवढेच. दुसरा गोंधळ याहून त्रासाचा. डिस्कवर ७०० जीबी मोकळे असतात आणि पाच जीबीची एक फाइल काही केल्या आत जात नाही, ‘फाइल खूप मोठी आहे’ असा निरोप येतो. डिस्क फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेली असली की एका फाइलला ४,२९,४९,६७,२९५ बाइटांची मर्यादा पडते, कारण आकार लिहायला तिथे ३२ बिटच ठेवले आहेत. एक्सफॅटमध्ये ही अडचण येत नाही. मात्र फॉरमॅट बदलताना डिस्कवरचं सगळं पुसलं जातं, तेव्हा आधी फायली दुसरीकडे हलवायच्या.

आता डिस्कच्या पोटात शिरू. पोर्टेबल डिस्कची तबकडी साधारणपणे मिनिटाला ५,४०० फेरे घेते, म्हणजे सेकंदाला ९०. टेबलावरच्या मोठ्या डिस्कमध्ये हाच आकडा ७,२०० असतो आणि तिथे तबकडीची कड ताशी जवळजवळ १३० किलोमीटरने पळते. मुंबई-पुणे एक्स्प्रेस वेवर मोटारीला इतका वेग काढायची परवानगी नाही. या धावत्या तबकडीवर वाचणारं-लिहिणारं हेड हवेच्या पातळ थरावर तरंगतं आणि दोघांमधलं अंतर असतं अवघं काही नॅनोमीटर. माणसाचा केस सुमारे ८०,००० नॅनोमीटर जाड असतो. चालू डिस्क हातातून निसटली, वायरीला पाय अडकून टेबलावरून पडली, की हेड तबकडीवर आपटतं आणि चुंबकी थर खरवडला जातो. तिथलं जे होतं ते मग कायमचं गेलं.

हवेवर तरंगणारं हेड उंच डोंगरावरच्या विरळ हवेत दगा देतं. हे माहीत असल्यामुळेच कृष्णविवराचा पहिला फोटो आपल्याला बघायला मिळाला. एप्रिल २०१७ मध्ये इव्हेंट होरायझन टेलिस्कोपच्या आठ दुर्बिणी हवाई, ॲरिझोना, मेक्सिको, स्पेन, चिली आणि दक्षिण ध्रुवावर होत्या; ध्रुवावरून एम८७ दीर्घिका दिसत नाही, बाकीच्या सातांनी एकाच वेळी तिच्याकडे रोख धरला. चिलीतली अल्मा ही दुर्बीण पाच हजार मीटर उंचीवर आहे. तिथे साध्या डिस्क टिकत नाहीत म्हणून हेलियम भरून सीलबंद केलेल्या डिस्क नेल्या. माहिती येत होती ती सेकंदाला ३२ गिगाबिट, म्हणजे चार जीबी. आपली एक टीबीची डिस्क या वेगाने चार मिनिटांत भरून जाईल. सगळी मिळून माहिती जमली पाच पेटाबाइट, पाच हजार टीबी. शंभर एमबीपीएसच्या घरगुती इंटरनेटने ती पाठवायची तर साडेबारा वर्षं लागली असती. म्हणून अर्धा टन हार्ड डिस्क चक्क विमानाने अमेरिकेतल्या हेस्टॅक वेधशाळेत आणि जर्मनीत बॉनला नेल्या. दक्षिण ध्रुवावरच्या डिस्क तर हिवाळाभर तिथेच अडकून पडल्या आणि विमानं सुरू झाल्यावर डिसेंबरात पोचल्या. १० एप्रिल २०१९ रोजी जगाने पाहिलेलं ते केशरी कडं या पाच हजार टीबींतून निघालं. ते चित्र कुठल्याही फोनवर आरामात मावतं.

या शास्त्रज्ञांचं मला सर्वांत कौतुक वाटतं ते यासाठी की एवढ्या साठ्यातून काय काढायचं हे त्यांनी साठवण्याआधीच ठरवलं होतं. आपण साठवून ठेवतो आणि निवडणं पुढे ढकलतो. ते किती महाग पडतं तेही मोजता येतं. साडेतीन एमबीच्या फोटोंनी एक टीबी भरला तर २ लाख ८५ हजार फोटो होतात. एकेक फोटो पाच सेकंद पाहून ठेवायचा की पुसायचा हे ठरवायला चारशे तास लागतील. रोज रात्री जेवणं आटपल्यावर दोन तास बसलं तरी साडेसहा महिने, आणि चार टीबी असेल तर दोन वर्षांहून जास्त. म्हणजे टंचाई आता जागेची राहिलेली नाही, बघायला वेळ नाही. लग्नाचे फोटो त्याच आठवड्यात निवडले, फोल्डरच्या नावात आधी वर्ष, मग महिना, मग प्रसंग लिहिला, तर हे काम अर्ध्या तासाचं असतं. वर्षभराने ते कोणाच्याच हातून होत नाही.

राहता राहिला डिस्क बंद पडण्याचा प्रश्न. बॅकब्लेझ ही अमेरिकी कंपनी आपल्या लाखो डिस्कचे आकडे प्रसिद्ध करते. अलीकडच्या वर्षांत त्यांच्याकडे दरवर्षी शंभरातल्या एक-दोन डिस्क बंद पडतात. तिथे डिस्क थंड खोलीत, स्थिर रॅकवर असतात. आपल्याकडे त्या धूळ, दमट हवा आणि बॅगेतले धक्के सोसतात. दीड टक्का हाच आकडा धरला तरी वेगवेगळ्या घरांत ठेवलेल्या दोन डिस्क एकाच वर्षी जाण्याची शक्यता चार हजारांत एकाहूनही कमी होते. पुष्कळ लोक एक्स्टर्नल डिस्कवर फायली हलवतात, लॅपटॉपमधून पुसतात आणि त्याला बॅकअप म्हणतात. प्रत मात्र एकच उरलेली असते.

म्हणून डिस्क घ्याल तेव्हा दोन घ्या आणि दुसरी बहिणीच्या नाहीतर भावाच्या घरी ठेवा. चार टीबीच्या एका डिस्कपेक्षा दोन टीबीच्या दोन डिस्क केव्हाही बऱ्या. आणि येत्या रविवारी डाउनलोड्स फोल्डर आकारानुसार लावून पहिल्या वीस फायली तेवढ्या बघा. त्याखालच्या हजार फायली तशाच राहिल्या तरी चालतील.