सरकते ते काय: दशांश चिन्ह की अंक?

दिवेलागण झाली की आमच्या बडोद्याच्या घरी मुले गृहपाठाला बसतात. शाळेची भाषा निराळी, घरची निराळी; परंतु अंकांना भाषेची अडचण नसते, अशी आमची समजूत होती. परवा पाचवीतील नातवाने २.५ ला १० ने गुणून उत्तर लिहिले, २.५०. कारण विचारता म्हणाला, "आजोबा, दहाने गुणायचे म्हणजे शेवटी शून्य द्यायचे ना?"

पूर्णांकांत चालणारी ही युक्ती येथे फसते. ते शून्य शतांशाच्या घरात बसले. संख्या होती तितकीच, अडीच, राहिली. अडीचकी पाठ असलेल्या पिढीने 'अडीच दाहे पंचवीस' म्हणून ही चूक तत्काळ पकडली असती.

आम्ही पाटीवर घरे आखली: शतक, दशक, एकक, मग दशांश चिन्ह, त्यापुढे दशांश, शतांश, सहस्रांश. दहाने गुणले की प्रत्येक अंक डावीकडे एक घर चढतो. २ एककातून दशकात गेला, ५ दशांशातून एककात आला; झाले २५. शंभराने गुणता दोन घरे, हजाराने तीन. म्हणून ०.३७५ × १०० = ३७.५. मात्र २.५ × १०० करताना एककाचे घर रिकामे पडते. तेथे शून्य ठेवावे लागते, म्हणून २५०. भागाकारात हीच वाट उलटी, उजवीकडे.

'चिन्ह सरकवा' हा नियम सोयीचा खरा. पण कारण न कळता पाठ केला की मूल दिशा चुकते. ही चूक केवळ एका गुणाची नव्हे. बाळाला ०.५ मिलिलिटर औषध द्यावयाचे असता चिन्ह नजरेआड होऊन ५ मिलिलिटर दिले गेले, तर मात्रा दसपट होते.

१ एप्रिल १९५७ पूर्वी रुपयाचे १६ आणे, ६४ पैसे आणि १९२ पै होत. त्या दिवसापासून रुपयाचे १०० पैसे झाले आणि ३.७५ रुपयांचे ३७५ पैसे करणे केवळ घरे चढण्याचे काम उरले. वजनांतही तेच: सव्वा किलो म्हणजे १.२५, हजाराने गुणता १२५० ग्रॅम.

तेव्हा आज डाळ-तांदूळ मोजताना मुलांना जवळ बसवावे, 'पावणेचार', 'सव्वा' हे आपले शब्द त्यांच्या कानी घालावेत आणि उत्तर लिहिण्यापूर्वी एवढेच विचारावे: "अडीचाची दहापट अडीचच कशी राहील, बाळ?"