बारा जुलैचं गाव

गालिच्निकमध्ये लग्नाचं बोलावणं मेलेल्यांनाही जातं. नवरदेव घरच्या माणसांना घेऊन गावच्या दफनभूमीत जातो, थडग्यांपाशी उभा राहतो आणि आपल्या पूर्वजांना लग्नाचं रीतसर आमंत्रण देतो. आपल्याकडे मंगलकार्याआधी नांदीश्राद्ध होतं, त्यामुळे मराठी वाचकाला यात फारसं नवल वाटायचं नाही. नवल पुढे आहे. 2002 च्या जनगणनेत या गावात राहणारी जिवंत माणसं भरली फक्त 3.

उत्तर मॅसिडोनियाच्या पश्चिमेला बिस्त्रा डोंगराच्या उतारावर, सुमारे 1,400 मीटर उंचीवर हे गाव आहे. घरं दगडी, दोन-तीन मजली, जिन्याच्या पायऱ्यांसारखी एकीच्या वर एक चढत गेलेली. हिवाळ्यात बर्फ रस्ता अडवून बसतं. सभोवार नांगर धरावा अशी सपाट जमीन जवळपास नाहीच. मग वाडे म्हणावेत अशी ही घरं बांधली कोणी, आणि कुठल्या पैशावर?

निम्मं उत्तर मेंढ्यांचं. इथले लोक मियाक. रादिका नदीच्या खोऱ्यातल्या गालिच्निक, लाझारोपोले, त्रेसोन्चे, गारी अशा गावांमधून वसलेला हा स्लाव समाज. त्यांचे कळप उन्हाळाभर बिस्त्राच्या कुरणांवर चरायचे आणि थंडी पडली की दक्षिणेला, थेसालोनिकीकडच्या उबदार मैदानात उतरायचे. इथलं कश्कवल चीज नावाजलेलं. सगळा मुलूख एकाच ऑटोमन साम्राज्यात होता तोवर मेंढ्यांना कोणी परवाना विचारत नव्हतं. 1912-13 च्या बाल्कन युद्धांनी त्या वाटेवर सरहद्द आखली. डोंगर एका देशात गेला, हिवाळी कुरण दुसऱ्या देशात. मेंढपाळाच्या धंद्याला याहून मोठा घाव तो कोणता?

उरलेलं निम्मं उत्तर माणसांचं. गालिच्निकचे पुरुष गाव सोडून कमवायला जात. गवंडी, सुतार, लाकूड कोरणारे, मूर्तिचित्रं रंगवणारे अशा टोळ्या बाल्कन प्रदेशभर फिरत. या परगावच्या कमाईला ‘पेचाल्बा’ म्हणतात आणि ती करणारा तो ‘पेचाल्बार’. कोकणातल्या माणसाला हा शब्द समजावून सांगायची गरज नाही, त्याच्याकडे ‘चाकरमानी’ आहे. पण पेचाल्बाला एक जास्तीची किनार आहे. मॅसिडोनियन भाषेत त्या धातूचा अर्थ कमावणं, तर जुन्या स्लाव भाषेत त्याच मुळाचा अर्थ होतो दुःख.

या टोळ्यांचं काम पाहायचं तर राजधानी स्कोप्येत जावं लागतं. तिथलं ‘स्वेती स्पास’ चर्च बाहेरून अगदी साधं. ऑटोमन काळात चर्चने मशिदीहून उंच दिसायचं नाही असा दंडक होता, म्हणून ते निम्मंअधिक जमिनीत खोदून बसवलं आहे. पायऱ्या उतरून आत गेलं की समोर अक्रोडाच्या लाकडाची भलीमोठी कोरीव भिंत येते. गालिच्निकचा माकारिये फ्रच्कोव्स्की आणि शेजारच्या गारीचे पेतर आणि मार्को हे फिलिपोव्स्की बंधू यांनी 1819 ते 1824 या काळात ती कोरली. बायबलमधल्या प्रसंगांभोवती वेली, पक्षी, प्राणी. नाचणारी सालोमे तर स्थानिक पोशाखातच उभी केली आहे. आणि या गर्दीत एका कोपऱ्यात कारागिरांनी स्वतःलाही कोरून ठेवलं आहे, हातात हत्यारं घेऊन कामात गढलेलं. सही करण्याची ही रीत लाकडाशी हयात घालवलेल्या माणसालाच सुचावी.

दगडाच्या कामातून शब्दांकडे वळलेला एक माणूसही याच गावचा. ग्योर्गिया पुलेव्स्की 1817 मध्ये गालिच्निकला जन्मला. लहानपणीच बापाबरोबर रुमानियाकडे कामाला गेला आणि गवंडी झाला. शाळा फारशी नाही. पण परमुलखात भिंती बांधता बांधता भाषा कानावर पडत राहिल्या. 1875 मध्ये बेलग्रेडला त्याचा मॅसिडोनियन, अल्बेनियन आणि तुर्की असा तीन भाषांचा कोश छापून आला. मॅसिडोनियन हे स्वतंत्र राष्ट्र आहे, असंही त्याने त्यात लिहून ठेवलं. सर्बियन, बल्गेरियन आणि ग्रीक राष्ट्रवादी या मुलखावर हक्क सांगत असताना एका गवंड्याने हे छापावं, ही गोष्ट लहान नव्हती. त्या वाक्यावरून निघणारे वाद दीडशे वर्षांनंतरही मिटलेले नाहीत.

बाप्ये वर्षभर बाहेर, तर लग्नं कधी लागायची? पेत्रोव्देनला. म्हणजे संत पीटरचा दिवस, 12 जुलै. तेवढ्यापुरते पेचाल्बार घरी यायचे आणि गावातली लग्नं त्याच सुमारास उरकली जायची. काही दिवसांनी नवरदेव पुन्हा वाटेला लागायचा.

म्हणून त्या लग्नात आनंदाबरोबर निरोपही मिसळलेला असतो. आदल्या संध्याकाळी मशालींच्या उजेडात वाजंत्री येतात. ‘तापान’ म्हणजे गळ्यात अडकवायचा मोठा ढोल, आणि ‘झुर्ला’ ही आपल्या सनईच्या गोतातली, पण आवाजाने कितीतरी तिखट. वरमाय फेर धरते. नवरीला वाजतगाजत पाणवठ्यावर नेतात. नवरदेवाची चारचौघांत दाढी होते, त्याच्या मोकळ्या दिवसांना तो निरोप असतो. नवरीच्या अंगावरचा जरतारी पोशाख इतका जड, की ती सावकाश चालते यात लाजेपेक्षा वजनाचा वाटा जास्त असावा.

आणि मग ‘तेश्कोतो’. अर्थ सरळ आहे: ‘अवघड’. फक्त पुरुषांचा नाच. सुरुवातीला ढोल इतका सुटा वाजतो की ताल सापडू नये. नाचणारे एका पायावर तोल सांभाळत थांबतात, पुढचं पाऊल टाकावं की नाही अशा विचारात पडल्यासारखे. हळूहळू लय चढते. ऐन भरात म्होरक्या जमिनीवरच्या ढोलावर पाय देऊन उभा राहतो आणि तिथे तोल सावरत नाचतो. पुन्हा परदेशी निघालेल्या माणसाची घालमेल या नाचात आहे असं मॅसिडोनियात मानतात, आणि ती पहिली पाच मिनिटं पाहिली की ते पटतं.

दुसऱ्या महायुद्धानंतर गाव झपाट्याने ओस पडलं. कमावणारे पूर्वी एकटे जात, आता बायकामुलांसह गेले. लग्न मात्र उरलं. हल्ली जोडपी त्यासाठी अर्ज करतात, त्यातून एक निवडलं जातं, ते पेत्रोव्देनच्या जवळच्या शनिवार-रविवारी सगळे विधी करतं आणि गावच्या पीटर-पॉल चर्चमध्ये खरोखरच लग्न लावतं. हजारो पाहुणे येतात, कॅमेरे येतात. हा आता तमाशा झालाय, अशी कुरकुर होणारच. ती अर्धीच खरी आहे. पुरुषांवाचून राहणारं आणि ठरल्या दिवशी भरून जाणारं गाव, हीच गालिच्निकची जुनी रीत होती. आता रिकामे दिवस तेवढे वाढले आहेत.

कोणाला जायचं असेल तर स्कोप्येहून गोस्तिवार आणि माव्रोवो सरोवरावरून वर चढणारा रस्ता आहे. शनिवारी दुपारपर्यंत पोचावं. गर्दीच्या आधी दफनभूमीकडे एक चक्कर मारावी, कारण रविवारी संध्याकाळी गाड्या खाली उतरू लागल्या की बऱ्याच घरांना कुलपं लागतात.