संगणकातील दुभाषा

पांढुर्णा आणि सौंसर ही सातपुड्याच्या दक्षिण अंगाची दोन गावे. दोन्हीकडे संत्र्याच्या बागा, दोन्हीकडे घरात मराठी आणि कचेरीत हिंदी. २०२३ साली छिंदवाड्यापासून वेगळा झालेला पांढुर्णा जिल्हा या दोन तालुक्यांचाच बनला. तरीही रेल्वेच्या हिशेबात ही गावे कित्येक दशके दोन निराळ्या जगांत होती. पांढुर्णा नागपूर-इटारसी या ब्रॉडगेज मार्गावर, तर सौंसर नागपूर-छिंदवाडा या नॅरोगेज मार्गावर. एका ठिकाणी रुळांतील अंतर साडेपाच फूट, दुसऱ्या ठिकाणी अवघे अडीच फूट. लोखंड तेच, चाके तशीच गोल. पण एका मार्गाचा डबा दुसऱ्या मार्गावर चालविणे अशक्य. २०१५ साली नॅरोगेज गाड्या बंद करून सौंसरचा मार्ग रुंद करण्याचे काम सुरू झाले आणि आता त्यावर ब्रॉडगेज गाड्या धावतात.

संगणकाच्या जगात अशीच अडचण आजच्या तरुण पिढीला पडते. नागपूर-पुण्यास शिकावयास गेलेल्या मुलाला घरच्यांनी मोठा खर्च करून ॲपल कंपनीचा मॅक संगणक घेऊन द्यावा, आणि सुट्टीत त्याच्या धाकट्या भावंडांनी एखादा आवडीचा खेळ त्यावर लावू पाहावा, तर तो उघडतच नाही. खेळ विंडोजसाठी घडविलेला, आणि यंत्र मॅकचे. परदेशी खेळांचीच ही गोष्ट आहे असे नाही. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेने घडविलेला 'राजी' हा प्राचीन भारताच्या पार्श्वभूमीवरील खेळ २०२० साली प्रथम निन्टेन्डोच्या यंत्रावर आणि नंतर विंडोज, प्लेस्टेशन व एक्सबॉक्स यांवर आला. मॅकसाठी आवृत्ती तेव्हा निघाली नाही. कारण उघड आहे. संगणकावर खेळणाऱ्यांत विंडोजवाल्यांची संख्या नव्वद टक्क्यांच्या वर आहे. उरलेल्या मूठभरांसाठी वेगळा रूळ टाकणे निर्मात्यांना परवडत नाही.

या अडचणीतून बाहेर पडण्याचे मार्ग तीन. पहिला म्हणजे निर्मात्यानेच मॅकसाठी खेळ नव्याने बांधून देणे. हा सर्वांत उत्तम मार्ग; पण तो खेळणाऱ्याच्या हाती नाही. दुसरा मार्ग म्हणजे मॅकवर संपूर्ण विंडोजच आणून बसविणे. २००६ ते २०२० या काळातील इंटेल प्रोसेसरच्या मॅकवर ही सोय ॲपलनेच 'बूट कॅम्प' या नावाने दिली होती. ॲपलच्या स्वतःच्या प्रोसेसरवर चालणाऱ्या नव्या यंत्रांत ती नाही. पॅरलल्ससारख्या आज्ञावलीने मॅकच्या पोटात दुसरा संगणक असल्याचा देखावा उभारून त्यात विंडोज चालविता येते. पण एका घरात दोन संसार थाटल्यावर जागा आणि खर्च वाढणारच. तिसरा मार्ग दुभाष्याचा. विंडोज न आणता, खेळाची मागणी समजून घेऊन ती मॅकच्या भाषेत सांगणारा मध्यस्थ नेमावयाचा. या मध्यस्थाचे काम कसे चालते, हे पांढुर्ण्याच्या माणसाला समजावणे मुळीच कठीण नाही.

१९५६ पर्यंत नागपूर ही मध्य प्रदेशाची राजधानी होती आणि हिंदी व मराठी या दोन्ही भाषा राज्यकारभाराच्या होत्या. त्या वर्षी १ नोव्हेंबरला राज्यांची पुनर्रचना झाली. विदर्भ मुंबई राज्यात गेला आणि छिंदवाडा जिल्हा मध्य प्रदेशात राहिला. तेव्हापासून सीमेपलीकडच्या नरखेड-काटोलचा शेतकरी तलाठ्याकडे जाऊन सातबारा मागतो, तर अलीकडचा पांढुर्ण्याचा शेतकरी पटवाऱ्याकडे खसरा मागतो. जमीन कोणाची, किती आणि तीत पीक कोणते, ही माहिती दोन्ही कागदांत असते. नाव, नमुना आणि मागण्याची रीत मात्र वेगळी. समजा, नरखेडचा एखादा माणूस पांढुर्ण्याच्या खिडकीपाशी येऊन सातबाराच मागू लागला, तर कारकून त्याला परत पाठवील. पण खिडकीपाशी एखादा जाणता गृहस्थ बसलेला असेल, तर तो आतून खसरा आणवील, त्यातील मजकूर सातबाराच्या नमुन्यात उतरवील आणि येणाऱ्याच्या हाती ठेवील. आलेल्या माणसाला आपण दुसऱ्या राज्यात आहोत याचा पत्ताही लागणार नाही.

'वाइन' नावाची आज्ञावली नेमके हेच काम करते. खेळ चालू असताना तो पावलोपावली कार्यप्रणालीकडे मागण्या करतो: अमुक फाइल उघड, अमुक खिडकी पडद्यावर दाखव, कळफलकावरची कोणती कळ दाबली ते सांग, इतका आवाज काढ. या मागण्या विंडोजच्या ठराविक शब्दांत असतात. वाइन ते शब्द ऐकते, मॅककडून तेच काम मॅकच्या रीतीने करवून घेते आणि उत्तर विंडोजच्या नमुन्यात परत देते. विंडोजमध्ये सारा माल 'सी ड्राइव्ह'मध्ये असतो अशी खेळाची समजूत असते. म्हणून वाइन मॅकवर एक साधा फोल्डर तयार करून तोच सी ड्राइव्ह असल्याचे खेळाला भासविते. वाइनच्या कर्त्यांनी मायक्रोसॉफ्टची आज्ञावली उचललेली नाही. मागणी कोणती आणि उत्तर कसे यावयास हवे, याचा बाहेरून अभ्यास करून त्यांनी ते सर्व स्वतः लिहिले आहे. 'वाइन इज नॉट ॲन इम्युलेटर', म्हणजे वाइन ही यंत्राची नक्कल नव्हे, हा तिच्या नावाचाच विस्तार आहे.

येथपर्यंत प्रश्न केवळ भाषेचा होता. हिंदी आणि मराठी भाषा वेगळ्या, परंतु लिपी एकच देवनागरी; त्यामुळे दुभाष्याला अक्षरओळख नव्याने करून घ्यावी लागत नाही. इंटेलच्या काळातील मॅक आणि विंडोज यांचे नाते असेच होते. कार्यप्रणाली वेगळ्या, पण प्रोसेसरच्या मूळ आज्ञा एकाच वळणाच्या. २०२० च्या नोव्हेंबरात ॲपलने स्वतःचा एम-१ हा प्रोसेसर मॅकमध्ये घातला आणि लिपीच पालटली. नागपूरकर भोसल्यांच्या अमदानीतील मोडी कागद आजच्या मराठी माणसापुढे ठेवावा, तशी ही स्थिती. भाषा ओळखीची असली तरी अक्षर लागत नाही. यासाठी ॲपलने 'रोझेटा-२' हा लिप्यंतरकार दिला. तो जुन्या वळणाच्या आज्ञा नव्या वळणात उतरवून देतो. काही भाग आधीच, तर काही भाग खेळ चालता चालता. म्हणजे आजच्या मॅकवर विंडोजचा खेळ चालतो तेव्हा रोझेटा लिपी बदलत असतो आणि वाइन भाषा बदलत असते.

खेळांच्या बाबतीत आणखी एक काम असते, ते चित्रांचे. विंडोजवरील खेळ चित्र रेखाटण्याच्या सूचना 'डायरेक्ट-थ्रीडी' या पद्धतीने देतात. मॅकला 'मेटल' ही पद्धत कळते. पूर्वी या सूचना आधी 'व्हल्कन' या तिसऱ्या पद्धतीत आणि तेथून मेटलमध्ये आणाव्या लागत. रशियन कथा इंग्रजीच्या वाटेने मराठीत याव्यात, तसा हा प्रकार. २०२३ च्या जूनमध्ये ॲपलने 'गेम पोर्टिंग टूलकिट' प्रसिद्ध केले आणि त्यात सरळ मेटलमध्ये रूपांतर करणारा भाग दिला. हा संच खेळ घडविणाऱ्यांना आपला खेळ मॅकवर कसा चालेल हे अजमावता यावे म्हणून होता, आणि त्याचा पाया वाइनचाच होता. सामान्य खेळणाऱ्यालाही त्याचा लाभ लवकरच मिळू लागला.

दुभाष्याच्या मर्यादाही ध्यानात घेतल्या पाहिजेत. एकाच क्षणी इतकी रूपांतरे करावयाची, तर काही वेग खर्ची पडणारच. नवे दृश्य प्रथमच पडद्यावर येते तेव्हा चित्र क्षणभर अडखळते, ते याच कारणाने. शिवाय दुभाष्याला ठाऊक नसलेला एखादा शब्द खेळाने उच्चारला, की सारे थांबते. रोझेटाला इंटेलच्या 'एव्हीएक्स' या आज्ञासमूहाची ओळख २०२४ साली झाली. तोपर्यंत त्या आज्ञांवाचून न चालणारे खेळ मॅकवर उघडतच नसत. सर्वांत मोठी अडचण मात्र लबाडी रोखणाऱ्या पहारेकऱ्यांची. 'व्हॅलोरंट'सारख्या स्पर्धेच्या खेळांबरोबर येणारा पहारेकरी विंडोजच्या थेट गाभाऱ्यात जाऊन बसतो. वाइनपाशी विंडोजचा गाभारा नाहीच. असते ती केवळ खिडकी. खिडकीवरच्या माणसाने कितीही गोड बोलून सांगितले, तरी पहारेकऱ्याला घरच सापडत नाही, आणि तो खेळ सुरू होऊ देत नाही.

ही दुभाषेगिरी एका रात्रीत उभी राहिलेली नाही. वाइनचा आरंभ १९९३ साली झाला आणि १९९४ पासून तिची धुरा अलेक्झांडर ज्युलियार्ड यांच्याकडे आहे. तिची पहिली पूर्ण आवृत्ती निघाली २००८ च्या जूनमध्ये, म्हणजे तब्बल पंधरा वर्षांनी. जगभरातील स्वयंसेवकांनी एकेक मागणी, एकेक उत्तर तपासून हा कोश भरला. अमेरिकेतील कोडवीव्हर्स ही कंपनी वाइनच्या आधारावर 'क्रॉसओव्हर' ही आज्ञावली विकते आणि वाइनच्या विकासाचा मोठा भारही वाहते. २०१९ साली ॲपलने मॅकवरील बत्तीस-बिटी आज्ञावल्यांचा दरवाजा बंद केला, तेव्हा शेकडो जुने खेळ एका दिवसात मुके झाले. त्याच वर्षाच्या डिसेंबरात क्रॉसओव्हरने विंडोजच्या बत्तीस-बिटी खेळांसाठी पर्यायी वाट काढली. ज्या खेळांचे मूळ निर्मातेही त्यांना विसरले होते, ते अशा रीतीने बोलते राहिले.

परंतु प्रत्येक वेळी वाट निघेलच असे नाही, आणि या विषयातील खरी चिंतेची गोष्ट हीच आहे. ॲपलने पूर्वीही एकदा प्रोसेसर बदलला होता. २००६ साली पॉवरपीसीकडून इंटेलकडे जाताना पहिला रोझेटा दिला गेला, आणि २०११ साली तो काढून घेण्यात आला. त्याच्या आधाराने चालणाऱ्या आज्ञावल्या नव्या कार्यप्रणालीवर पुन्हा उघडल्या नाहीत. २०२५ च्या जूनमध्ये ॲपलने दुसऱ्या रोझेटाविषयीही तशीच घोषणा केली. मॅकओएस २७ या आवृत्तीपर्यंत तो पूर्ण स्वरूपात राहील आणि त्यानंतर काही जुन्या खेळांपुरता त्याचा मर्यादित भागच उरेल. इंटेलच्या आज्ञा नव्या प्रोसेसरला समजावून देणारे 'फेक्स'सारखे मुक्त लिप्यंतरकार लिनक्सच्या जगात तयार होत आहेत, ही आशेची बाजू आहे. पण मुक्त कामालाही माणसे लागतात. मॅकवर वाइन चालविणे सोपे करणारी 'व्हिस्की' ही विनामूल्य आज्ञावली पुष्कळांना प्रिय झाली होती. २०२५ साली तिच्या कर्त्याने तिची देखभाल थांबविली.

यास्तव केवळ विंडोजच्या खेळांच्या भरवशावर मॅक विकत घेणे शहाणपणाचे नाही. अभ्यासासाठी किंवा कामासाठी मॅक घरात आलेलाच असेल, तर क्रॉसओव्हर चौदा दिवस विनामूल्य वापरून पाहता येते; हवा असलेला खेळ त्या मुदतीत चालतो की नाही हे पाहूनच पैसे द्यावेत. अनेकांशी जाळ्यावरून खेळावयाच्या स्पर्धेच्या खेळाची अपेक्षा बहुधा सोडूनच द्यावी. एकट्याने खेळावयाचे आणि काही वर्षांपूर्वीचे खेळ अधिक भरवशाचे. आणि एखादा जुना खेळ आज सुरळीत चालत असेल, तर कार्यप्रणालीची नवी आवृत्ती घेण्यापूर्वी तो खेळ तीवर चालतो की नाही याची चौकशी आधी करावी. नंतर केलेली चौकशी उपयोगाची ठरत नाही.

पांढुर्णा-सौंसरच्या मराठी माणसाला परक्या खिडकीपाशी आपले काम करवून घेण्याची सवय सात दशकांची आहे. खिडकीवर जाणता गृहस्थ बसला आहे तोवर कागद मिळतो. तो रजेवर गेला की हेलपाटा पडतो, हे त्याला कोणी शिकवावयास नको. संगणकातील दुभाष्याचेही तसेच आहे. त्याच्या मागे माणसे आहेत आणि त्यांच्या कामाला वेळ व पैसा लागतो. ज्यांची सोय त्या कामावर चालते, त्यांनी दुभाष्याचे मोल दिले, निदान त्याच्या चुका त्याला नीट कळविल्या, तर ती खिडकी अधिक काळ उघडी राहील.