चौकला वळसा घालून गेलेली रेल्वे

मुंबई-पुणे लोहमार्गाची थोरवी गाताना बोरघाटातील बोगद्यांचा उल्लेख हटकून होतो. त्या मार्गाने जी गावे बाजूला टाकली त्यांची आठवण मात्र क्वचितच निघते. खालापूर तालुक्यातील चौक हे असेच एक गाव. इरशाळगडाच्या परिसरात वसलेले आणि सरनौबत नेताजी पालकरांचे जन्मगाव म्हणून ओळखले जाणारे चौक आगगाडीपूर्वीच्या काळात मुंबई-पुण्याच्या हमरस्त्यावर होते. मुंबईचा प्रवासी जलमार्गाने पनवेल बंदरात उतरे आणि चौकवरून खोपोली गाठून घाट चढे. १८३० साली गव्हर्नर सर जॉन माल्कम यांच्या कारकिर्दीत बोरघाटाचा रस्ता गाड्यांना खुला झाला, तेव्हा या वाटेचे महत्त्व अधिकच वाढले.

पुढे १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्यास पहिली आगगाडी धावली आणि दळणवळणाची दिशाच पालटली. दुसऱ्याच वर्षी कल्याण गाठल्यावर तेथून एक मार्ग थळघाटाकडे, तर दुसरा नेरळ-कर्जतवरून बोरघाटाकडे न्यावा, असे ठरले. पनवेल आणि चौक या योजनेतून वगळले गेले. १८५६ साली रूळ खोपोलीपर्यंत पोचले आणि १८५८ साली खंडाळा ते पुणे गाडी सुरू झाली. मधला घाट मात्र प्रवाशांना पालखीत बसून, तट्टावरून अथवा पायीच ओलांडावा लागे.

हा दुवा एप्रिल १८६३ मध्ये सांधला गेला. मुख्य अभियंता जेम्स बर्कले यांनी आखलेल्या या चढणीवर पंचवीस बोगदे खोदावे लागले. कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल येथे येताच अल्पावधीत मरण पावले आणि त्यांच्या पत्नी ॲलिस यांनी ते कंत्राट पुढे चालविले. ऐन भरात चाळीस हजारांहून अधिक मजूर या कामावर राबत होते. पटकीने आणि अपघातांनी त्यांतील असंख्यांचा बळी घेतला. बर्कले व ट्रेडवेल यांची नावे इतिहासात राहिली. मजुरांची राहिली नाहीत. घाटाची वाट पळसदरीहून वर गेल्यामुळे एके काळचे अखेरचे स्थानक असलेले खोपोलीदेखील एका फाट्यावर येऊन पडले.

पनवेलला दिव्याहून रेल्वे आली ती १९६४ साली. पनवेल-कर्जत या एकेरी मार्गावरून प्रवासी गाड्या धावू लागण्यास तर एकविसावे शतक उजाडावे लागले. बोरीबंदरच्या पहिल्या गाडीनंतर दीडशे वर्षांनी चौकला स्थानक लाभले. परंतु रूळ येणे आणि गाडी थांबणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, याचा अनुभवही त्याबरोबरच आला. पुढे मुंबई नागरी वाहतूक प्रकल्पाच्या तिसऱ्या टप्प्यात, २०१६ साली, पनवेल-कर्जत दुहेरी उपनगरी मार्गास मंजुरी मिळाली. सुमारे तीस किलोमीटरच्या या मार्गावर चिखले, मोहोपे आणि चौक ही मधली स्थानके असून वावर्ले येथील बोगदा अडीच किलोमीटरहून अधिक लांबीचा आहे.

या मार्गाने मुंबई आणि कर्जत यांमधील अंतर कमी होईल, असे सांगितले जाते व ते खरेही आहे. परंतु दोन टोकांमधील अंतर कमी करणे एवढेच रेल्वेचे कार्य नव्हे. चौकजवळच्या मोरबे धरणाचे पाणी नवी मुंबईची तहान भागविते. ज्या परिसराने शहराला पाणी दिले आणि जमीनही दिली, तेथील कारकुनाला वेळेवर कचेरी आणि विद्यार्थ्याला वेळेवर महाविद्यालय गाठता येत नसेल, तर या विकासाचा जमाखर्च एकतर्फीच ठरेल.

लहान स्थानकांवर प्रवासी अल्प म्हणून गाड्याही अल्प, हा युक्तिवाद वरवर व्यवहार्य वाटतो. वस्तुतः जेथे गाडी थांबत नाही तेथे प्रवासी वाढणार तरी कसे? सकाळ-संध्याकाळ ठराविक अंतराने गाड्या, स्थानकापासून ठाकूर-कातकरी वाड्यांपर्यंत एस.टी.ची जोड आणि स्थानकाभोवतीच्या जमिनीचे वेळीच केलेले नियोजन या तीन गोष्टी साधल्या, तरच हा मार्ग तालुक्याचा होईल. अन्यथा जागांचे भाव तेवढे चढतील आणि भूमिपुत्र फलाटावरून जाणाऱ्या गाड्या मोजीत राहील. एकोणिसाव्या शतकात रेल्वेने चौकला वळसा घातला, त्याला डोंगर-खाड्यांचे निमित्त तरी होते. आज रूळ गावातून जात असताना गावाला वगळले गेले, तर तो दोष भूगोलाच्या माथी मारता येणार नाही.